माफीवांचून साक्षीदार

कांहीं ग्रंथ असे असतात कीं, 'हा चांगला लिहिला आहे काय?' असा प्रश्न त्यांविषयीं विचारण्याचा टीकाकारास संकोच वाटतो. घर जळत असतां आरोळी ठोकणाऱ्याच्या स्वरांत गोडवा आहे कीं नाहीं, हें कोणी पाहत बसत नाहीं. एथन गटमन या अमेरिकन लेखकाचा 'द स्लॉटर' हा २०१४ सालीं प्रसिद्ध झालेला ग्रंथ हातीं घेतांना आमचीही प्रथम हीच स्थिति झाली. चीनमध्यें राजकीय व धार्मिक कैद्यांचे अवयव काढून घेऊन ते रोग्यांच्या शरीरांत बसविले जातात, आणि या क्रियेंत कैद्याचा प्राण जातो, किंबहुना तो जावा अशीच योजना असते, असा या ग्रंथाचा आरोप आहे. असा आरोप करणाऱ्याची लेखनशैली तपासणें हें प्रथमदर्शनीं हृदयशून्यतेचें लक्षण वाटेल. परंतु ग्रंथ दोनदां वाचल्यावर आमचें मत बदललें. आरोप जितका भयंकर, तितकी तो मांडण्याची रीत अधिक काटेकोरपणें पाहिली पाहिजे. कारण या विषयांत वाचकाजवळ स्वतः खातरजमा करण्याचें साधन जवळजवळ नसतें. लेखक साक्षीदाराशीं कसा वागतो, त्याच्या तोंडीं काय घालतो आणि काय घालीत नाहीं, यावरूनच त्याच्या सांगण्यास किती मोल द्यावयाचें हें ठरवावें लागतें.

विषयाची पूर्वपीठिका थोडक्यांत सांगणें अवश्य आहे. देहदंड दिलेल्या कैद्यांचे अवयव रोपणासाठीं वापरण्याची मुभा चीन सरकारनें १९८४ सालच्या एका नियमान्वयें दिली. प्रेत घेण्यास कोणी न आल्यास, किंवा कैद्याची अथवा त्याच्या कुटुंबाची संमति असल्यास, अवयव घ्यावेत असा तो नियम. आणि त्यांतच, ही गोष्ट अगदीं गुप्त ठेवावी, रुग्णालयाचें चिन्ह असलेलें वाहन वधस्थानीं नेऊं नये, अशीही ताकीद होती. बाहेरून होणाऱ्या आरोपांचा पुष्कळ वर्षें इन्कार झाल्यावर २००५ सालीं उप-आरोग्यमंत्री हुआंग जिएफू यांनीं हा वापर होत असल्याची कबुली दिली. मध्यंतरीं, १९९९ च्या जुलैमध्यें, ध्यान व व्यायाम यांचा उपदेश करणाऱ्या फालुन गोंग या पंथावर बंदी आली, आणि त्याचे अनुयायी फार मोठ्या संख्येनें श्रमछावण्यांत डांबले गेले. २००६ सालीं कॅनडाचे माजी संसद-सदस्य डेव्हिड किल्गूर व विनिपेगचे वकील डेव्हिड मेटस यांनीं एक अहवाल प्रसिद्ध केला. २००० ते २००५ या सहा वर्षांतील ४१,५०० रोपणांस लागलेले अवयव कोठून आले याचा उलगडा होत नाहीं, आणि ते या पंथाच्या कैद्यांचे असावेत, असा त्यांचा निष्कर्ष होता. चीन सरकारनें हा आरोप तेव्हांही फेटाळला व पुढेंही फेटाळीत आलें आहे. गटमन यांचा ग्रंथ या अहवालाच्या मागून आला. अहवाल आंकड्यांतून व अनुमानांतून बोलतो. गटमन शंभराहून अधिक माणसांना भेटून त्यांच्या तोंडून बोलतात.

या गुन्ह्याचें वैशिष्ट्य असें कीं, तो आपला पुरावा आपणच गिळून टाकतो. इतर खुनांत प्रेत मागें राहतें. येथें प्रेताचा उपयुक्त भाग एखाद्या सभ्य गृहस्थाच्या देहांत सुखरूप नांदत असतो, आणि उरलेल्या भागाची राख होते. शस्त्रक्रियेची खोली धुऊन निघते. मागें राहतात तीं केवळ विसंगतीचीं चिन्हें. इस्रायलमधील हृदयशल्यविशारद जेकब लावी यांस त्यांच्या एका रोग्यानें २००५ सालीं सांगितलें कीं, चीनमध्यें आपल्या हृदयाचें रोपण अमुक तारखेस व्हावयाचें ठरलें आहे. आणि ती तारीख दोन आठवड्यांवर होती. मूत्रपिंडें दोन असतात. त्यांतील एक जिवंत माणूस देऊं शकतो. हृदय एकच. तें हवें असेल तर देणाराचा मृत्यु व्हावा लागतो, आणि अपघातानें मरणाऱ्याच्या मृत्यूची तारीख पंधरा दिवस आधीं कोणास सांगतां येत नाहीं. ज्यास ती सांगतां येते, त्याच्या हातीं तो मृत्यु असतो. लावी यांनीं हें ओळखलें, आणि मुख्यतः त्यांच्या खटपटीमुळें २००८ सालीं इस्रायलनें अशा परदेशी रोपणांचा खर्च विम्यांतून देण्यास कायद्यानें बंदी केली. परंतु चिन्हें कितीही बोलकीं असलीं तरी तीं माणूस नव्हेत. 'मीं पाहिलें' असें म्हणणारा कोणीतरी लागतोच, आणि गटमन यांचा ग्रंथ त्या 'कोणीतरी'चा शोध आहे.

ग्रंथाचें पहिलेंच प्रकरण शिंजियांग प्रांतांत घडतें, आणि आमच्या मतें ग्रंथाचें सारें बळ तेथें एकवटलें आहे. एन्व्हर तोहती हे उइघुर समाजांतील शल्यवैद्य. १९९५ सालीं ते उरुमची येथील एका रुग्णालयांत नोकरीस होते. शस्त्रक्रियेचीं साधनें व मदतनीस घेऊन तयार राहा, असें वरिष्ठांनीं त्यांस सांगितलें आणि शहराबाहेरच्या वधस्थानापाशीं नेलें. गोळ्यांचे आवाज झाले. एका कैद्याकडे त्यांना नेण्यांत आलें. गोळी त्याच्या छातीच्या उजव्या बाजूस लागली होती. यकृत व दोन्ही मूत्रपिंडें त्वरित काढण्याचा हुकूम झाला. भूल देण्यांत आली नाहीं. सुरी लागतांच रक्त वाहूं लागलें, आणि तेव्हां त्यांस समजलें कीं माणूस अद्याप जिवंत आहे. त्यांनीं काम पुरें केलें. दुसऱ्या दिवशीं वरिष्ठानें विचारलें, काल कांहीं घडलें काय? कांहीं नाहीं, असें त्यांनीं उत्तर दिलें. पुढें लोप नोर येथील अणुस्फोटांच्या दुष्परिणामांविषयींच्या एका चित्रपटास त्यांनीं साहाय्य केलें. त्यानंतर मायदेशीं परत जाण्याची सोय राहिली नाहीं. ते इंग्लंडमध्यें राहिले, लंडनमध्यें बस चालवूं लागले, आणि बऱ्याच वर्षांनीं त्यांनीं ही हकीगत उघड सभेंत सांगितली.

आपल्या न्यायालयांतून 'माफीचा साक्षीदार' हा शब्द सर्वांच्या परिचयाचा आहे. गुन्ह्यांतील भागीदार शिक्षेंतून सुटण्याच्या अभिवचनावर आपल्या साथीदारांविरुद्ध बोलतो. त्याची माहिती सर्वांत जवळची असते, आणि विश्वासास तोच सर्वांत कमी पात्र असतो. म्हणून शहाणा न्यायाधीश त्याच्या शब्दास बाहेरचा दुजोरा मागतो. तोहती हे याहून निराळ्या जातीचे साक्षीदार होत. त्यांच्यावर कोणीं खटला भरला नव्हता, कोणीं त्यांस माफी देऊं केली नव्हती, आणि त्यांचें नांव कोणाच्या यादींत नव्हतें. ते गप्प राहिले असते तर एक निर्वासित म्हणून जगाची सहानुभूति त्यांस लाभलीच असती. बोलल्यानें त्यांच्या पदरीं एकच गोष्ट आली, ती म्हणजे आपण एका जिवंत माणसास कापलें ही कबुली. माणूस दुसऱ्याविरुद्ध खोटें बोलतो. स्वतःविरुद्ध, कांहीं लाभ नसतांना, तो सहसा खोटें बोलत नाहीं. या एका साक्षीवरून लाखोंचा संहार सिद्ध होत नाहीं, हें उघड आहे. ही १९९५ ची गोष्ट आहे, आणि फालुन गोंगवरील बंदी त्यानंतर चार वर्षांनीं आली. परंतु असा संहार घडविण्यास लागणारा शल्यवैद्य, लागणारा हुकूम व लागणारें मौन हीं तिन्ही तेव्हांच सिद्ध होतीं, एवढें या साक्षीनें निश्चित कळतें.

गटमन यांचें लेखनकौशल्य या प्रकरणांत उत्तम दिसतें, कारण तें दिसूं नये अशी काळजी त्यांनीं घेतली आहे. तोहतींना ते दोष देत नाहींत आणि त्यांची समजूतही घालीत नाहींत. वर्णनास विशेषणांचा भार नाहीं. वधस्थानापेक्षांही दुसऱ्या दिवशींचा तो लहानसा प्रश्न वाचकाच्या मनांत अधिक खोल रुततो. वरिष्ठाला माहिती नको होती. ती त्याच्याजवळ होतीच. त्याला हवी होती ती कबुली, कीं उभयतांनीं मिळून कांहींच पाहिलें नाहीं. अत्याचाराची सारी रचना अशा प्रश्नोत्तरांवर उभी असते.

छावण्यांतून सुटून आलेल्या कैद्यांच्या साक्षी दुसऱ्या प्रकारच्या आहेत. हीं माणसें आपण कशाचे साक्षीदार आहों हें स्वतःच जाणत नाहींत. तीं मारहाणीविषयीं बोलतात, विजेच्या दंडुक्यांविषयीं बोलतात, आपल्या श्रद्धेविषयीं तर तासन्‌तास बोलतात. आणि मध्येंच, जातां जातां, एखाद्या वैद्यकीय तपासणीचा उल्लेख करतात. रक्त घेतलें, लघवी घेतली, छातीचें व पोटाचें चित्र काढलें, डोळ्यांत प्रकाश टाकून पाहिलें. कान पाहिले नाहींत, मारानें सुजलेल्या पायांकडे कोणीं ढुंकूनही पाहिलें नाहीं. ज्यांना आज बदडावयाचें त्यांच्या यकृताची चौकशी करण्याइतका कळवळा छावणीच्या अधिकाऱ्यांस कां यावा? हा प्रश्न साक्षीदार विचारीत नाहीं. लेखकही त्याच्या तोंडीं तो घालीत नाहीं. जें सांगणाऱ्यास क्षुल्लक वाटलें तेंच लेखकानें टिपून घेतलें, यांत त्याची पारख दिसते. शिकवून तयार केलेल्या साक्षीदारानें हाच भाग सर्वांत रंगवून सांगितला असता.

इतकी स्तुति केल्यावर दोषांविषयीं स्पष्ट बोलणें आम्हीं टाळूं नये. पहिला दोष वृत्तीचा. ग्रंथकार मधूनमधून स्वतःच्या प्रवासाकडे व स्वतःच्या मनःस्थितीकडे वळतो, आणि त्याच्या उपरोधाची धार कधीं कधीं विषयापेक्षां जास्त चमकते. दुसरा दोष अधिक गंभीर आहे, आणि तो आंकड्यांचा होय. २००० ते २००८ या काळांत फालुन गोंगचे सुमारें ६५,००० अनुयायी अवयवांसाठीं मारले गेले असावेत, असा गटमन यांचा अंदाज आहे. श्रमछावण्यांतील एकंदर कैदी, त्यांत या पंथाचें प्रमाण, त्यांपैकीं तपासणी झालेल्यांचें प्रमाण, अशा पायऱ्यांनीं ते तेथवर चढतात. परंतु प्रत्येक पायरी आपण भेटलेल्या थोड्या माणसांवरून बसविलेली आहे. हा अंदाज आहे हें ते लपवीत नाहींत, ही त्यांची सचोटी. तथापि वाचकाच्या स्मरणांत अंदाजाची कांठाकोर राहत नाहीं, आंकडा तेवढा राहतो. २०१६ सालीं किल्गूर व मेटस यांच्यासह त्यांनीं काढलेल्या पुरवणी अहवालांत चीनमधील रोपणांची संख्या वर्षाला ६०,००० ते १,००,००० असावी असें म्हटलें. सरकारी आंकडा सुमारें १०,००० होता. ज्याला सत्य नको असतें त्याला अशा ठिकाणीं मोठी सोय होते. तो तोहतींस उत्तर देत नाहीं. बेरजेंतली चूक शोधीत बसतो, आणि ती सांपडली कीं सगळा ग्रंथ खोटा ठरवितो.

या बाबतींत संयम कसा पाळावा याचें उदाहरण पुढें लंडनमध्यें घडलें. सर जेफ्री नाइस यांच्या अध्यक्षतेखालीं बसलेल्या, पण कोणत्याही सरकारची सत्ता पाठीशीं नसलेल्या, एका लोकन्यायमंडळानें डिसेंबर २०१८ व एप्रिल २०१९ मध्यें साक्षी घेतल्या. चीन सरकारला निमंत्रण होतें. तें आलें नाहीं. कैद्यांचे अवयव बळानें काढून घेण्याचे प्रकार चीनभर वर्षानुवर्षें मोठ्या प्रमाणांत घडले, आणि फालुन गोंगचे अनुयायी हे त्यांचें एक, व बहुधा मुख्य, उगमस्थान होतें, असा निर्णय मंडळानें जून २०१९ मध्यें दिला. परंतु त्याच मंडळानें वंशसंहाराचा आरोप सिद्ध धरला नाहीं, आणि उइघुरांविषयीं मोठ्या प्रमाणावरील वैद्यकीय तपासणीच्या पुराव्यापुढें जाण्याचें नाकारलें. जेथें पुरावा थांबला तेथें मंडळ थांबलें. गटमन यांची लेखणी सर्वत्र तशी थांबली असती तर तिचें वजन वाढलें असतें.

साक्षीदार बहुतेक त्या पंथाचेच आहेत, आणि लोकन्यायमंडळाची योजना करणाऱ्यांतही पंथाचे सहानुभूतिदार होते, असा एक आक्षेप घेतला जातो. तो उडवून लावण्यासारखा नाहीं. परंतु छावणींत ज्यांस कोंडलें त्यांच्यावांचून छावणीची हकीगत सांगणार कोण? शिवाय अलीकडे पुराव्याचा ओघ वेगळ्याच दिशेनें आला आहे. १ जानेवारी २०१५ पासून केवळ स्वेच्छेनें दिलेलेच अवयव वापरले जातील, अशी घोषणा चीनमध्यें झाली, आणि कांहीं पाश्चात्य रोपणतज्ज्ञांनीं तिच्यावर विश्वासही ठेवला. मॅथ्यू रॉबर्टसन, रेमंड हाइंड व जेकब लावी यांनीं २०१९ सालीं दाखवून दिलें कीं, स्वेच्छादात्यांचे सरकारी आंकडे एका साध्या वर्गसमीकरणाच्या वक्ररेषेवर जवळजवळ तंतोतंत बसतात. माणसें अशा शिस्तीनें मरत नाहींत. २०२२ सालीं रॉबर्टसन व लावी यांनीं चिनी भाषेंतील वैद्यकीय निबंध तपासले. मेंदूचा मृत्यु ठरविण्यापूर्वीं रोगी श्वासयंत्रावर असावा लागतो, आणि तो स्वतः श्वास घेऊं शकत नाहीं हें पाहावें लागतें. ७१ निबंधांत अशी परीक्षा झालेलीच असूं शकत नाहीं, असें आढळलें. अनेकांत तर श्वासनलिका अवयव काढण्याच्या शस्त्रक्रियेच्या आरंभींच घातल्याचें शल्यवैद्यांनीं स्वतः लिहून ठेवलें होतें. म्हणजे येथेंही साक्ष करणाराचीच. तोहतींनीं जें जाणूनबुजून सांगितलें, तें या शल्यवैद्यांनीं विद्वत्तेच्या भरांत, आपण कांहीं कबूल करतों आहों याची जाणीव नसतांना, छापून टाकलें. गटमन यांच्या ग्रंथाचा आंकडा वादग्रस्त राहील. त्याचा कणा या निबंधांनीं बळकट केला आहे.

हें सर्व दूर चीनमधलें, असें म्हणून ग्रंथ मिटतां येईल काय? आमच्यापुरतें तरी तें शक्य झालें नाहीं. कांहीं वर्षांपूर्वीं आमच्या एका जुन्या स्नेह्यांचीं मूत्रपिंडें निकामी झालीं. आठवड्यांतून तीनदां डायालिसिस चालू होतें. घरांतील कोणाचें मूत्रपिंड जुळेना. एके संध्याकाळीं ते म्हणाले, "अहो, परदेशांत एके ठिकाणीं पंधरा दिवसांत काम होतें म्हणतात. घर विकलें तर पैसे उभे राहतील. काय करूं?" आम्हीं क्षणाचाही विचार न करतां म्हटलें, "जाऊन या. जीव वांचला पाहिजे." पंधरा दिवसांत तें कसें मिळतें, कोणाचें मिळतें, हा प्रश्न आम्हांस सुचला नाहीं, असें लिहिलें तर तें खोटें होईल. तो सुचला, आणि आम्हीं तो गिळला. ते गेले नाहींत. प्रकृतीनें त्यांस तितका अवधि दिला नाहीं. परंतु ते गेले असते आणि बरे होऊन परत आले असते, तर आम्ही हार घेऊन त्यांच्या दारीं उभे राहिलों असतों, हें आम्हांस पक्कें ठाऊक आहे.

आपल्या देशांतही हा प्रश्न निराळ्या रूपानें आहेच. मानवी अवयवांच्या रोपणाविषयींचा १९९४ चा केंद्रीय कायदा ज्या तीन राज्यांच्या विधिमंडळांच्या ठरावांवरून झाला, त्यांत गोवा व हिमाचल प्रदेश यांच्याबरोबर महाराष्ट्रही होता, याचा आपणांस रास्त अभिमान वाटावा. परंतु कायदा झाल्यानंतर, २००२ सालीं प्रसिद्ध झालेल्या चेन्नईमधील एका पाहणींत मूत्रपिंड विकलेल्या ३०५ माणसांची विचारपूस झाली. त्यांतील ९६ टक्क्यांनीं कर्ज फेडण्यासाठीं तें विकलें होतें, आणि सुमारें तीन-चतुर्थांश लोक पाहणीच्या वेळीं कर्जांतच होते. दारिद्र्यानें विकणें आणि सत्तेनें लुटून मारणें या दोन गोष्टी एक नव्हेत. त्यांची गल्लत करणें हा चीनमधील मृतांवर अन्याय होईल. तथापि घेणाराच्या बाजूनें पाहिलें तर दोहोंकडे एकच अट असते. ती अशी कीं, त्यानें विचारूं नये.

म्हणून आमच्या मतें हा ग्रंथ, त्याच्या आंकड्यांविषयीं सावध राहून, पण त्याच्या साक्षीदारांविषयीं पूर्ण आदरानें, प्रत्येक विचारी वाचकानें वाचावा. आणि वैद्यकाच्या विद्यार्थ्यांनीं तर त्याचें पहिलें प्रकरण अवश्य वाचावें. अशा शोधक लेखनाची आपल्या भाषेंत वाण आहे. तें लिहूं पाहणाऱ्या तरुणास गटमन यांचे गुण आणि दोष दोन्ही उपयोगी पडतील. तोहतींनीं त्या दिवशीं वरिष्ठास 'कांहीं नाहीं' असें उत्तर दिलें, आणि तें उत्तर मागें घेण्यास त्यांस देश, व्यवसाय व कित्येक वर्षें खर्चावीं लागलीं. आमच्या स्नेह्यांस आम्हीं दिलेलें उत्तरही त्याच जातीचें होतें. तें मागें घ्यावयास आम्हांस कोणत्याही वधस्थानावरून यावें लागलें नाहीं. एक ग्रंथ पुरला. तेवढ्यासाठीं तरी आम्ही ग्रंथकाराचे ऋणी आहों.